चार नंबरचं मॅगझिन

आमच्या घरात 'डुप्लिकेट' ही शिवी होती आणि पोटापाण्याचा धंदाही तोच होता. शाहूपुरीत वडिलांचं ऑइल इंजिनच्या सुट्या भागांचं दुकान. सकाळी शटर वर गेलं की पहिलं गिऱ्हाईक पायरी चढता चढताच विचारायचं, "ओरिजिनल हाय का डुप्लिकेट?" आणि आबांचं उत्तर वर्षानुवर्षं एकच, "पावणं, वस्तू चालती न्हाईतर बंद पडती. तिसरी जात नसती."

नव्या कारखान्याचा माल आला की आबा तो लगेच विकत नसत. ओळखीच्या एका शेतकऱ्याच्या विहिरीवरच्या इंजिनाला बसवायचे, आठ दिवस चालवायचे आणि मगच त्याबद्दल तोंड उघडायचे. "पहिल्या दिवशी नवरी बी गुणाची असती," म्हणायचे आणि आईची बोलणी खायचे. ह्या दुकानात मी वाढले. त्यामुळे रायफलच्या स्वस्त मॅगझिनांचा प्रश्न आमच्या नेमबाजीच्या क्लबात निघाला तेव्हा, हे काम आपलंच आहे, असं मला वाटलं. वाटलं कसलं, मी ते ओढूनच घेतलं.

सत्तरच्या दशकाची सुरुवात होती. मी मुलींच्या शाळेत गणित शिकवत होते. कॉलेजात एनसीसीत रायफल हातात आली ती सुटलीच नाही, म्हणून रविवारी सकाळी सायकल काढून रेंजवर जायचे. क्लबात बायका दोनच. मी आणि कॉलेजातली एक पोरगी. राज्याच्या स्पर्धेला क्लबातून बाईमाणसाची जागा एकच होती, आणि ती दसऱ्यानंतरच्या निवड चाचणीत ठरायची. मला ती जागा हवी होती. नुसती हवी होती असं नाही, ती मिळवायचीच होती. घरात स्थळं बघणं चालू होतं, मी सव्वीस वर्षांची घोडी झाले होते आणि पुढच्या वर्षी कुठल्या गावात कुणाच्या भाकऱ्या थापत असेन याचा भरवसा नव्हता. जे काय करायचं ते ह्याच वर्षी, असं मी मनाशी पक्कं केलं होतं.

चाचणीत एक प्रकार झटपट नेमबाजीचा होता. ठरलेल्या वेळात दहा गोळ्या. आमच्या पॉइंट टू टू रायफलच्या मॅगझिनमध्ये, म्हणजे गोळ्या भरायच्या त्या चपट्या पत्र्याच्या डबीत, पाचच मावायच्या. पाच संपल्या की ती काढायची, दुसरी भरलेली लावायची. म्हणजे दोन लागणार. आणि क्लबाकडं रायफलीबरोबर परदेशातून आलेलं ओरिजिनल मॅगझिन उरलं होतं एक! आयात बंद. नवीन मागवायचं म्हणजे अर्ज, शिक्के आणि दोन वर्षं.

क्लबाचे सेक्रेटरी फौजेतून निवृत्त झालेले सुभेदार होते. त्यांनी मुंबईहून तीन स्वस्तातली मॅगझिनं मागवली. तेलकट कागदात गुंडाळलेली, नाव नाही, गाव नाही. दिसायला मात्र देखणी. सुभेदारसाहेब खूश. म्हणाले, "बघा, बाई, अगदी ओरिजिनलसारखी."

"सारखी म्हणजे नव्हे," मी म्हणाले. "मी बघतो आधी."

आम्ही कोल्हापूरच्या पोरी 'मी बघतो', 'मी येतो' असंच बोलायचो. बाहेरगावची माणसं हसायची, हसू देत.

दोनशे पानी वही घातली. मॅगझिनांच्या तळाला खिळ्यानं एक, दोन, तीन असे आकडे कोरले. खऱ्या गोळ्या कोट्यावर मिळायच्या, त्या असल्या कामाला कोण देणार? म्हणून पितळेच्या खोट्या गोळ्या करून घेतल्या. आणि लागले मागे. भरायची, रायफलीचा बोल्ट, म्हणजे गोळी नळीत सारणारा दांडा, मागंपुढं करून एकेक गोळी वर येते का बघायचं, पुन्हा भरायची. अंगठ्याला घट्टे पडले. शाळेत खडू धरताना दुखायचं.

एक नंबर पहिल्याच दिवशी गेलं. स्प्रिंग इतकी मऊ की पाचवी गोळी तळातच बसून राहायची. दोन नंबर चार दिवस शहाण्यासारखं वागलं, मग शहाबादी फरशीवर एकदा पडलं, आणि गोळीला धरून ठेवणाऱ्या त्याच्या वरच्या दोन कडा फाकल्या. तीन नंबर सगळ्यांत लबाड. चार गोळ्या भरल्या की सुरेख चालायचं, पाचवी भरली की अडायचं. सुभेदारसाहेब म्हणाले, "मग चारच भरूया की."

"पाचाचं मॅगझिन चारला चालतं म्हणजे ते चालत नाही," मी म्हणाले आणि लाल शाईनं 'नापास' लिहिलं.

आता पितळेच्या गोळ्या कुणी केल्या होत्या ते सांगायला हवं. उद्यमनगरात एका बोळात दोन लेथ घातलेले एक मिस्त्री होते. आबांच्या दुकानाला माल द्यायचे. पन्नाशीचे, बारीक अंगाचे, बोलणं कमी. गोळ्या न्यायला गेले तेव्हा त्यांनी तीन नंबरचं मॅगझिन हातात घेतलं, उजेडाकडं धरलं, बोट आत घालून स्प्रिंगवरची, गोळ्या वर ढकलणारी पट्टी दाबून बघितली आणि विचारलं, "हे मुंबईचं व्हय?"

"व्हय."

"पत्रा बिस्किटाच्या डब्याचा दिसतोय. म्या करू का एक?"

मी जरा हसलेच. तसं हसायला नको होतं. कोल्हापुरात कुणी काहीही करून देतो, इंजिन आणा, इंजिनासारखं इंजिन करून देतो, हे मला माहीत होतं. पण मॅगझिन? मिस्त्री माझं हसणं बघून म्हणाले, "बाई, आमच्या मालाला लोक डुप्लिकेट म्हणत्यात. तुमच्या वहीत एकदा पास म्हणून लिवून घ्यायचंय मला. पैशाचं न्हाय काय."

सुभेदारसाहेबांची लेखी परवानगी घेतली आणि मिस्त्री कामाला लागले. त्यांनी केलेलं पहिलं मॅगझिन मी दुसऱ्या दिवशी नापास केलं. त्यांनी ते मुकाट परत घेतलं. वाद नाही, सबबी नाहीत. फक्त म्हणाले, "कुठं अडलं तेवढं सांगा. का अडलं ते मी बघतो." स्प्रिंग चार वेळा बदलली. कडा दोनदा वाकवून पुन्हा तापवून घेतल्या. प्रत्येक वेळी मी जायचे, वही उघडायचे, आणि तो माणूस लेथ बंद करून हात पुसून माझ्यापुढं उभा राहायचा. माझ्या वर्गातल्या पोरी निकालाच्या दिवशी उभ्या राहतात तसा. मला गंमत वाटायची, थोडी गुर्मीही चढायची. खरं ते सांगते.

शेवटी जे मॅगझिन झालं त्याच्यावर मी चार आकडा कोरला. दोनशे वेळा भरलं, दोनशे वेळा रिकामं केलं. भरून आठ दिवस कपाटात ठेवलं. फरशीवर पाडलं. पिशवीत घालून सायकलला बांधून पार शिरोलीच्या फाट्यापर्यंत धूळ खात नेऊन आणलं. एकदाही अडलं नाही. एकदाही! मग सुभेदारसाहेबांनी कोट्यातल्या वीस खऱ्या गोळ्या दिल्या, त्याही गेल्या. मी लाल शाईनं 'पास' लिहिलं, खाली सही केली आणि वही नेऊन मिस्त्रींना दाखवली. त्यांनी हाताला तेल होतं म्हणून वहीला हात लावला नाही. लांबूनच वाचलं, दोनदा वाचलं. मग त्यांनी त्याच मापाचं आणखी एक, पाच नंबरचं, करायला घेतलं.

खंडेनवमीला क्लबात शस्त्रपूजा असायची. टेबलावर पांढरी चादर, त्यावर रायफली, झेंडूच्या माळा. सुभेदारसाहेब म्हणाले, "बाई, ताट तुम्ही घ्या." बायका दोन, त्यातली थोरली मी, म्हणजे ताट माझ्याच हातात येणार. घेतलं. चार नंबर मी मुद्दाम सगळ्यांच्या पुढं मांडलं, तोंड वर करून उभं, पुढच्या अंगाला कुंकवाचं बोट ओढलं. माझी दोन महिन्यांची मेहनत होती ती. हळदकुंकू वाहिलं, फूल ठेवलं, अक्षता टाकल्या, नमस्कार केला. मनात काय मागितलं ते सांगायची गरज नाही. दुसऱ्या दिवशी दसरा झाला, सोनं लुटलं, आणि शनिवारी मी चार नंबरवरचं कुंकू ओल्या फडक्यानं स्वच्छ पुसून काढलं. भरून बघितलं नाही. दोनशे वेळा बघितलेलं होतं, आणखी काय बघायचं?

रविवारी चाचणी. रेंजवर वीस-पंचवीस माणसं. मिस्त्री सायकलवरून आले होते, इस्त्रीचा पांढरा शर्ट घालून. मी त्यांना तसल्या शर्टात कधी बघितलं नव्हतं. मागं लिंबाच्या झाडाखाली उभे राहिले.

आडवं होऊन मारायच्या प्रकारात मी त्या पोरीच्या पुढं होते. झटपटला ओरिजिनलच्या पाच गोळ्या गेल्या, चांगल्या गेल्या. चार नंबर लावलं. पहिली गेली, दुसरी गेली. तिसऱ्याला बोल्ट पुढं ढकलला, खटका दाबला, आणि नुसतं टक्! गोळी वर आलीच नव्हती. बोल्ट मागं, पुढं, मागं, पुढं. नाही. मॅगझिन हलवलं, ठोकलं. नाही! शिट्टी झाली. तीन गोळ्या आतच राहिल्या.

तळपायाची आग मस्तकात गेली. मी उठले, मॅगझिन मोकळं करून जमिनीवर आपटलं आणि सगळ्यांच्या देखत ओरडले, "शेवटी डुप्लिकेट ते डुप्लिकेटच! उद्यमनगरातल्या बोळात मॅगझिनं होत असती तर मग काय पाहिजे होतं!"

उचलली जीभ लावली टाळ्याला. मिस्त्री झाडाखालून चालत आले, वाकून मॅगझिन उचललं, शर्टाच्या खिशात घातलं, सायकल काढली आणि गेले.

सुभेदारसाहेबांनी मला बाजूला घेतलं. नियम असा होता की नेमबाजाच्या हलगर्जीपणानं रायफल अडली तर गोळ्या गेल्या त्या गेल्या. पण सामानातच दोष असेल तर पुन्हा मारायला मिळतं. "तुम्ही लिहून द्या, मॅगझिन सदोष होतं. पुढच्या रविवारी पुन्हा मारा. मुंबईच्या ओळखीच्या क्लबाकडून तेवढ्यापुरतं दुसरं मागवतो." मी लिहून दिलं. घरी येऊन वहीत चार नंबरपुढचं 'पास' खोडलं आणि 'नापास' लिहिलं. लाल शाईनं.

आबांना सांगितलं तर ते म्हणाले, "अंगण वाकडं न्हाय न्हवं?" मी दोन दिवस त्यांच्याशी बोलले नाही.

सोमवारी मधल्या सुट्टीत शिपाई सांगत आला, फाटकाशी कुणीतरी उभं आहे. मिस्त्री होते. त्यांनी रुमाल सोडला. आत चार नंबर होतं, पूर्ण उकललेलं. डबी, स्प्रिंग, पट्टी. आणि बाजूला एक तांदळाचा दाणा. लाल. एका टोकाला चेचलेला.

"पट्टी आणि पत्र्याच्या मधी अडकला हुता," ते म्हणाले. "दोन गोळ्या गेल्या तवर तळात हुता. मग वर सरकला आणि बसला पाचर मारून."

मी त्या दाण्याकडं बघत राहिले. कुंकवात घोळलेली अक्षता. माझ्या हातची.

"आमच्यात मशिनीवर तांदूळ टाकत न्हाईत, बाई. फूल आणि कुंकू बास. लई वर्षांमागं एकदा दसऱ्याच्या अक्षता लेथात गेल्या हुत्या, तवापास्नं बंदच केलंय म्या. तुमाला सांगायला पायजे हुतं. ऱ्हायलं."

म्हणजे चूक माझी, आणि माफी तो मागत होता! चोर सोडून संन्याशाला फाशी दिली होती मी, आणि तीही चारचौघांत.

"मिस्त्री..." मी म्हणाले.

"कुणाला सांगू नगा," ते मध्येच म्हणाले. "मला कळलंय, तुमी लिवून दिलंय ते. सांगितलं तर तुमची परत मारायची पाळी जाईल. ती घालवू नगा. माझं नाव कोण इचारतंय रेंजवर? तुमच्या वहीत तेवढं बदला. बाकी काय नगं." आणि रुमाल माझ्या हातात देऊन ते सायकलवर बसले. लेथवर काम लावून आले होते म्हणे.

पुढचा तास नववीचा होता. गणितं घातली आणि खुर्चीवर बसून राहिले. डोक्यात नाही नाही ते हिशेब चालले होते. दाणा मी बघितला, त्यांनी बघितला, तिसरं कोण आहे? तेच म्हणतायत सांगू नका. जागा माझीच आहे, त्या पोरीपेक्षा मी चांगली मारते हे सगळ्यांना माहीत आहे. आणि पुढचं वर्ष माझं आहे का? हे सगळं खरं होतं. पण मग वहीत 'पास' होणार आणि क्लबाच्या कागदावर 'सदोष' राहणार, दोन्हीखाली माझीच सही! पोरींच्या वह्यांत मी असलं काही पकडलं असतं तर वही खिडकीबाहेर फेकली असती. त्या दिवशी मला रडू आलं, वर्गात, पाठमोरी होऊन फळा पुसताना. घरी गेल्यावर वही उघडली आणि चार नंबरपुढं पुन्हा 'पास' लिहिलं. त्याच्याखाली लिहिलं, 'नेमबाज नापास'.

शाळा सुटल्यावर मंगळवारी क्लबात गेले. सुभेदारसाहेबांनी सगळं ऐकून घेतलं. मग टेबलाचा खण उघडून माझा कागद काढला.

"हा कागद माझ्याकडंच आहे, बाई. तांदूळ तुम्ही बघितला, मिस्त्रीनं बघितला. मी नाही बघितला."

माणूस भला होता. माझ्या भल्यासाठीच म्हणत होता. मी पर्समधून कागदाची पुडी काढली, उलगडली आणि दाणा त्यांच्या टेबलावर ठेवला.

"आता बघा," मी म्हणाले.

त्यांनी चष्मा लावून बघितला. बराच वेळ बघितला. मग माझा कागद उभा-आडवा फाडला आणि म्हणाले, "त्या पोरीला निरोप धाडतो."

रविवारी मला पुन्हा मारायचं होतं त्या वेळेला मी रेंजवर गेले. रायफल घेतली नाही. त्याच माणसांपुढं उभी राहिले आणि जेवढ्या मोठ्यांदा ओरडले होते तेवढ्याच मोठ्यांदा सांगितलं, मॅगझिन चांगलं होतं, घाण मी केली. कुणीतरी फिस्सकन हसलं. हसू देत. पण ज्यानं ऐकायला हवं होतं तो झाडाखाली नव्हता. म्हणून तशीच सायकल उद्यमनगरात नेली. रविवार असून लेथ चालू होता. मी दारातून म्हणाले, "मिस्त्री, माझं चुकलं. सगळ्यांपुढं सांगून आलो."

त्यांनी लेथ बंद केला नाही. "जरा लांब उभ्या ऱ्हावा, लोखंडाचा कीस उडतोय," म्हणाले. थोड्या वेळानं मान वर न करताच विचारलं, "पाच नंबर तपासायला कधी नेताय?"

ती पोरगी स्पर्धेला गेली. मी तिला स्टेशनवर सोडायला गेले होते, पेढे घेऊन. गाडी दिसेनाशी होईपर्यंत फलाटावर उभी होते. तिनं बरं मारलं. मी असते तर जास्त बरं मारलं असतं असं तेव्हाही वाटायचं आणि आजही वाटतं, त्याला माझा इलाज नाही.

वर्षभरात तीन स्थळं आली. पोहे देऊन झाले की मी सरळ सांगायचे, दसऱ्यानंतर माझी निवड चाचणी आहे, त्याच्या आधी तारीख नको. दोन स्थळं पोहे खाऊन गेली ती गेलीच. तिसऱ्यांनी विचारलं, "चाचणी बघायला आलं तर चालतं का?" त्यांच्याशी पुढं माझा संसार झाला.

पुढच्या वर्षी खंडेनवमीला क्लबाची पूजा उरकून मी उद्यमनगरात गेले. बोळात झेंडूचा आणि तेलाचा वास मिसळला होता. लेथ धुऊनपुसून लख्ख, त्यांच्यावर कुंकवाची बोटं. आणि लेथच्या पुढं पाटावर चार नंबर, पाच नंबर आणि क्लबानं मागवलेली आणखी सहा मॅगझिनं रांगेनं मांडलेली. प्रत्येकाच्या तोंडावर जाड कापडाची छोटी टोपी, नाडीनं गच्च बांधलेली. मिस्त्रींच्या बायकोनं शिवल्या होत्या त्या. मी बघतच राहिले.

मिस्त्रींनी आतून वाटी आणली आणि माझ्यापुढं धरली. वाटीत अक्षता होत्या. त्या कारखान्यात इतकी वर्षं तांदळाचा दाणा आला नव्हता.

"टाका की," ते म्हणाले. "आता काय भ्या न्हाय."

माझा हात काही केल्या वाटीकडं जाईना. त्यांनी वाटी तशीच धरून ठेवली. शेवटी मी चिमूट भरून घेतली आणि टाकली.